गावात वाचल्याशिवाय छापायचं नाही

अण्णांच्या पुस्तकांत जेवढं छापलं गेलं, त्याच्या दुप्पट माझ्या गाडीत सांडलंय. तीच चार माणसं वर्षानुवर्षं एकाच गाडीतून बिदर-कलबुर्गीची खेडी पालथी घालत असतील, तर दुसरं काय होणार? चहाला बसलं की एक किस्सा निघतो, त्याच्या शेपटाला धरून दुसरा. परवा कुणीतरी म्हणालं, लिहून काढ. म्हटलं, काढू. लिहिण्याचा मक्ता काय एकट्या अण्णांनीच घेतलाय?

आधी माणसं सांगतो. काशिनाथअण्णा आमच्या हुलसूरचे. घरात कन्नड बोलतात, लिहितात मराठीत. निम्मी पुस्तकं प्रवासाची आणि निम्मी कादंबऱ्या. कादंबऱ्यांत राजवटी पडतात, गावं उठतात, माणसं रातोरात परकी होतात. सुमनअक्का त्यांच्या पत्नी. अण्णांचं अक्षर फक्त त्यांनाच लागतं, म्हणून सगळं टाइप त्याच करतात. मैनूभाईचं बसस्टँडसमोर चष्म्याचं दुकान आहे, आणि जुने उर्दू कागद अण्णांना तोच वाचून देतो. राहिलो मी. माझं मोटार-पंप रिवाइंडिंगचं दुकान. साहित्यातलं मला काय कळतं, असं काही लोक विचारतात. गाडी माझी आहे, एवढी पात्रता बास झाली.

* * *

अण्णांनी एका लेखात लिहिलं की हळ्ळीखेडच्या एका विहिरीचं पाणी मचूळ आहे. लेख छापून आला. आठ-पंधरा दिवसांनी एक गृहस्थ पितळी कळशी घेऊन बसमधून उतरले, विचारत विचारत अण्णांच्या ओसरीवर आले आणि कळशी समोर ठेवून म्हणाले, "प्या."

अण्णा प्यायले. पाणी चांगलं गोड होतं.

"गोड हाय की."

"मग त्या दिवशी तुमी कुठलं प्यालाव?"

अण्णा जरा घुटमळले. खरं सांगायची खोड आहे त्यांना. म्हणाले, "प्यालो न्हवतो. वरून बघितलो आन् लिवलो."

"बघून चव कळती तर मी हे एवढं ओझं कामून आणलो?"

अक्का आत पोळ्या लाटत होत्या, त्या हसत बाहेर आल्या. त्या गृहस्थांना जेवू घातलं, आणि त्यांच्यासमोरच अण्णांना नियम घालून दिला. ज्या गावाबद्दल लिहिलं, ते त्या गावात वाचून दाखवल्याशिवाय छापायचं नाही. गावानं चूक दाखवली तर दुरुस्त करायची. गाव नको म्हणालं तर तो मजकूर पुस्तकात नाही. अण्णांनी तो नियम आजवर पाळलाय. एक अख्खा लेख त्यापायी बुडाला, तरी पाळलाय. तेव्हापासून आमची गाडी, भजनी मंडळाचा माइक आणि गावातला पार, असा आमचा साहित्य-संसार चालू आहे.

* * *

अण्णांचा प्रवासलेख वाचला की वाटतं, हा माणूस जगात एकटाच हिंडतो. 'त्या ओसाड बुरुजावर मी एकटाच उभा होतो. भोवती फक्त वारा होता.' असलं काहीतरी.

आता वस्तुस्थिती ऐका. बुरुजाखाली मैनूभाई गाडीत घोरत होता. मी डबा घेऊन अण्णांना शोधत होतो. आणि अक्का खालून ओरडत होत्या, "टोपी घाला, ऊन लागंल!" वारा होता, ते मात्र खरं आहे.

मी एकदा सरळ विचारलं, "अण्णा, लेखात आम्ही कुठं जातो?"

"लेखात चौघं मावत न्हाईत रे."

"ताटावर बरे मावत्यात," अक्का म्हणाल्या.

पुढं तालुक्याच्या वाचनालयात गेलो, तर अण्णांची प्रवासाची पुस्तकं कादंबऱ्यांच्या कपाटात लावलेली. अण्णा नाराज झाले. ग्रंथपालबाईंना म्हणाले, "मॅडम, ही प्रवासवर्णनं हायत. खरी हायत."

बाई थंडपणे म्हणाल्या, "सर, त्या किल्ल्यावर त्या दिवशी आमची पण ट्रिप होती. मी तुम्हा चौघांनाही बघितलंय. म्हणून तर तिथं ठेवलीत."

* * *

मग अण्णांनी मोठी कादंबरी काढली. निजामाची राजवट गेली, त्या काळातली. कुणाच्या आज्यानं रझाकारांच्या भीतीनं गाव सोडलं, कुणाची आजी उसाच्या फडात लपली, हे सगळं ऐकत आम्ही गावोगाव फिरायला लागलो.

एका गावात अशी बातमी फुटली की त्या वेळच्या नुकसानीची भरपाई द्यायला साहेब आलेत. अण्णा पारावर बसले नाहीत तोच रांग लागली. पहिल्यानं सांगितलं, आज्याच्या दोन म्हशी नेल्या. दुसऱ्याच्या म्हशींबरोबर बैलजोडी गेली. मागं उभे असलेले ऐकत होतेच, त्यामुळे रांग पुढं सरकेल तशी जनावरं वाढत गेली. घोड्यापर्यंत पोचलो. शेवटी एक लालबुंद पटकेवाला आला आणि छातीवर हात ठेवून म्हणाला, "आमचा हत्ती नेला."

आता मात्र अण्णांना राहवेना. माइक हातात घेऊन त्यांनी जाहीर केलं, "मंडळी, गैरसमज झालाय. मी सरकारचा माणूस न्हाई. भरपाई-बिरपाई काही न्हाई. मी कादंबरी लिवायलोय."

पार रिकामा झाला. बायका पोरं घेऊन गेल्या, माणसं शेताला गेली. पटकेवाला एकटा जागेवरून हलला नाही. आम्हाला वाटलं, चिडलाय.

तो जवळ आला आणि हळूच म्हणाला, "कादंबरी हाय व्हय? मग तर हत्ती ऱ्हाऊच द्या."

* * *

याच कादंबरीची पहिली काही प्रकरणं अण्णांनी एका प्रकाशकाला पाठवली. तिथल्या संपादकांनी मोठ्या प्रेमानं सगळी बोली काढून टाकली. शुद्ध, इस्त्री केलेलं मराठी परत आलं. अण्णा हबकले, पण म्हणाले, नियम तो नियम, आपण गावातच वाचू.

मंठाळला वाचन ठेवलं. प्रकरणात एक दरोडेखोर वाड्यात शिरतो आणि म्हणतो, 'कृपया कुणीही आरडाओरडा करू नये, अन्यथा परिणाम गंभीर होतील.' अण्णांनी ते वाचताना मान खाली घातली होती.

पुढच्या ओळीत बसलेल्या एका म्हातारीनं शेजारणीला विचारलं. आवाज चांगलाच मोठा होता.

"एवढं शिकल्यावर दरोडा कामून घालायलाय गं?"

बोली परत आली, हे सांगायला नकोच. संपादकांना मीच फोनवर तो प्रश्न ऐकवला. ते बराच वेळ हसत होते, आणि मग सज्जनपणे म्हणाले, "त्या आजींचं बरोबर आहे."

* * *

त्यानंतरच्या प्रकरणात एक रझाकार आहे. मिशाळ, क्रूर, घोड्यावरून येतो तर कुत्री भुंकायची थांबतात. अण्णांनी त्याला सहज एक नाव दिलं, आणि ते नेमकं मैनूभाईच्या आजोबांचं निघालं. मुद्दाम नव्हतं. टाइप करताना अक्कांच्या लक्षात आलं, आणि अण्णा मला घेऊन घाईघाईनं चष्म्याच्या दुकानात गेले.

"मैनूभाई, चूक झाली. आजच बदलतो."

मैनूभाई एका गिऱ्हाइकाच्या चष्म्याच्या काडीला स्क्रू लावत होता. मान वर न करता म्हणाला, "नक्को बदलो अण्णा. हमारे दादा बकरी को बी डरते थे. किताब में तो किसी को डराने दो."

आम्ही हसलो. मैनूभाईही हसला. मग स्क्रू घट्ट करून झाल्यावर त्यानं काडी पुसली आणि म्हणाला, "अण्णा, एक पूछूं? रझाकारांनी केलं ते समदं आलं. अच्छा लिखे. उसके बाद हमारे लोगां के साथ जो हुआ, वो कब लिखते?"

भारताच्या फौजा आल्या, रझाकार गेले, आणि मग काही गावांत साध्यासुध्या मुसलमान घरांवर जे ओढवलं, ते आमच्याकडे प्रत्येक म्हाताऱ्या माणसाला ठाऊक आहे, आणि कुणी बोलत नाही. मैनूभाईची नानी अशाच एका गावातून लहानपणी आईच्या कडेवर निघाली होती. ती असेपर्यंत त्या गावाचं नाव त्यांच्या घरात कुणी घेतलं नाही. मैनूभाई जन्मात तिकडं गेला नव्हता.

घरी येताना अण्णा मला म्हणाले, "हे एक प्रकरण न्हाई लिवलं, तर बाकीचं समदं खोटं हाय रे."

* * *

त्यांनी लिहिलं. सगळ्यात शेवटचं प्रकरण, मैनूभाईच्या नानीच्या घराचं. आणि नियमाप्रमाणे ते त्याच गावात वाचायचं होतं. गावाचं नाव मी सांगत नाही, कादंबरीतही बदललंय. मंठाळपासून फार लांब नाही, एवढं पुरे.

गाव नाही म्हणालं तर कादंबरीला शेवट नाही, आणि मैनूभाईच्या प्रश्नाला उत्तर नाही. आमच्यातल्या प्रत्येकाला हे माहीत होतं.

सरपंचांचा आधीच फोन आला होता. माणूस सभ्य. म्हणाले, "अण्णा, या, वाचा. पण गावाला बट्टा लागंल असं नगो. आमचे अप्पा नव्वदीला आल्यात. त्यांना ह्या वयात तरास नगो."

त्या फोननंतर अण्णांनी एक ओळ बदलली. घर लुटलं, भांडी नेली, चौकटीसकट दार उचकटून नेलं, हे सगळं तसंच ठेवलं. फक्त ते कुणी केलं, तिथं 'गावातल्यांनी' खोडून लिहिलं, 'बाहेरून आलेल्या टोळीनं.'

टाइप करताना अक्कांचा हात थांबला. "हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

"कुणी न्हाई."

"मग?"

"मग पुस्तक पुरं कसं व्हावं, सुमन?"

गाडीत मैनूभाईनं ते पान वाचायला मागितलं. वाचलं, घडी घालून अण्णांच्या पिशवीत परत ठेवलं आणि खिडकीबाहेर बघत बसला. मला अण्णांचा राग आला. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच आला. एका कळशीसाठी नियम पाळणारा माणूस इथं कसा वाकला, तेच मला कळेना. पण स्टिअरिंग माझ्या हातात होतं आणि गाव समोर दिसत होतं, म्हणून गाडी चालवत राहिलो.

सरपंचांनी घरी नेऊन चहा पाजला. अप्पा माजघरात खुर्चीवर बसले होते. त्यांनी आम्हा सगळ्यांकडे एकेकदा बघितलं आणि मैनूभाईकडे जास्त वेळ बघितलं. "ह्ये कुणाचे?" त्यांनी विचारलं. मैनूभाईनं नानीच्या वडिलांचं नाव सांगितलं. अप्पांनी मान हलवली, आणि मुलाला म्हणाले, "मला पारावर न्ये."

"अप्पा, ऊन लई हाय."

"न्ये म्हणलं ना."

पार भरला होता. बायका देवळाच्या पायरीवर, माणसं खाली सतरंजीवर, पोरं मागं भिंतीवर. मैनूभाई पहिल्या ओळीत, अप्पांची खुर्ची त्याच्या शेजारी. अण्णांनी वाचायला सुरुवात केली. मध्ये दोनदा थांबून पाणी प्यायले. टोळीची ओळ आली तेव्हा सरपंचांनी सुटकेचा श्वास सोडलेला मी बघितला. एकदोघांनी माना डोलावल्या. प्रकरण संपलं.

अण्णांनी नेहमीचं वाक्य म्हटलं, "काही चुकलं असंल तर सांगा."

सरपंच उठून म्हणाले, "काही चुकलं न्हाई. चांगलं लिवलाव. छापा."

दोन-चार टाळ्या पडल्या. अण्णांनी पानं गोळा केली. कादंबरी पुरी झाली होती, आणि त्यांचा चेहरा असा पडला होता की अक्कांनी नजर वळवली.

"चुकलंय," अप्पा म्हणाले.

टाळ्या थांबल्या. अप्पा खुर्चीच्या दोन्ही हातांवर जोर देऊन उभे राहिले. सरपंच धावले, "अप्पा, बसा."

"बसतो. सांगून बसतो." मग अण्णांकडे वळून म्हणाले, "बाहीरून कुणीबी आलं न्हवतं. ते दार आमच्याच घराला हाय. मगाशी च्या प्यायला तुमी त्याच दारातून आत आलाव."

सरपंचांनी बापाचा दंड धरलेला होता, तो सुटला. मग अप्पा मैनूभाईकडे वळले.

"तुमचं हाय. काढून घिऊन जावा. मी चौकट बी काढून देतो."

मैनूभाई उभा राहिला. त्यानं अप्पांचा हात हातात घेतला.

"दरवाजा नक्को अप्पा," तो म्हणाला. "वही बात और एक बार बोलो. पीछू बैठे सो लोगां को सुनाई नै दिया."

अप्पांनी अण्णांच्या हातातला माइक घेतला.