गोलच्या मागची जागा

फुटबॉलचे फोटो मैदानात काढतात असं ज्याला वाटतं, त्यानं कोल्हापुरात एकदा कॅमेरा गळ्यात अडकवून बघावं. फोटो निघायचा तेव्हा निघेल, कॉलर आधी धरली जाईल. मी पंचवीस वर्षं हा धंदा केला. तेवढ्या वर्षांत माझ्या अंगावर आलेले दगड जमवले असते तर रंकाळ्याला दुसरा बांध झाला असता. खोटं वाटत असेल तर उजव्या भुवईवरची खोक बघा. डावीकडची सोड्याच्या बाटलीची आहे, ती वेगळी.

भांडण असायचं ते माझ्या बसायच्या जागेवरून. माझा कॅमेरा पोटाशी धरून वरनं खाली बघायचा, रोलात फोटो बाराच, आणि लांबचं जवळ ओढणारी लेन्स मी फक्त मासिकातल्या जाहिरातीत बघितलेली. गोलचा फोटो पाहिजे तर जाळीच्या मागं, खांबाजवळ उकिडवं बसायचं. आता मैदानाला टोकं दोन आणि मी एक. म्हणजे मॅच सुरू व्हायच्या आधीच गोल कुणावर पडणार हे मला ठरवायला लागायचं. आणि ज्या गोलकीपरच्या मागं मी बसेन, त्याच्या पेठेला वाटायचं, ह्या बाबानं आमची तिरडीच बांधली. हाफटाइमला टोकं बदलली की मी कॅमेरा उचलून परत त्याच गोलकीपरच्या मागं. सगळं शहर बघतंय.

"पावणं, हितं का टेकलासा?"

"सावली हाय जरा."

"सावली? उन्हानं डोकी फुटायची वेळ आलीया आणि ह्यास्नी सावली घावली! ऊठ, न्हायतर कॅमेरा गिळायला लावीन."

असं प्रत्येक मॅचला. दोन्हीकडचे एकमेकांची डोकी फोडायचे, पण मला मारायचं म्हटलं की एकी व्हायची.

त्यात माझा थोरला भाऊ आमच्या तालमीचा गोलकीपर. तालीम म्हणजे आमच्याकडं नुसता कुस्तीचा हौद नव्हे; पेठेची इज्जत, पेठेची टीम आणि पेठेचं भांडण, सगळं तिथंच. दादा उंच. इतका, की उभा राहिला तर वरच्या आडव्या दांड्याला त्याची अडचण व्हायची. मॅचच्या आधी तो कुणाला फोटो काढू द्यायचा नाही. आधी फोटो काढला की गोल खातो, अशी त्याची समजूत. मॅचमध्ये मी मागं, म्हणजे मला दिसायची त्याची पाठ. आमच्या दैनिकाचे संपादक फोटो बघून वैतागायचे. "अरे, दर वेळी पाठ? तुझ्या भावाला तोंड हाय का न्हाय?"

होतं. पण गोलकीपरचं तोंड मागं बसलेल्याला एकाच वेळी दिसतं. गोल पडल्यावर, जाळीतला बॉल काढायला तो वळतो तेव्हा.

सत्तरच्या आसपासची गोष्ट. अंतिम सामना. समोर खालच्या पेठेची तालीम, आणि त्या वर्षी त्यांचा एक फॉरवर्ड असा सुटला होता की त्याच्या शॉटच्या वाऱ्यानं लायनीवरचा चुना उडायचा. सकाळी चहा पिताना दादा म्हणाला, "आज माझ्या मागं बसलास तर ह्या घरात तुला भाऊ न्हाय."

आई चुलीपुढनं म्हणाली, "बसू दे की रं, त्येचं काम हाय."

"मग त्या फॉरवर्डच्या घरी जाऊन ऱ्हा म्हणावं."

मी गेलो आणि दादाच्या मागं बसलो. दुसरं काय करणार? आमची टीम गोल मारेल असं आमच्या कोचलासुद्धा वाटत नव्हतं. मी बसल्याबरोबर आमच्याच पेठेतनं पहिला दगड आला. मारणारा वर्गमित्र होता. नेम लहानपणापासून चांगला.

आणि दादा त्या दिवशी रागानं जो खेळला! वरचे बॉल, खालचे बॉल, एक तर त्यानं छातीनं अडवला, त्याचा आवाज पार उचगावला गेला असेल. मी अकरा फोटो काढले. अकरा पाठी. शेवटची दहा मिनिटं, शून्य-शून्य, रोलात एक फोटो. फॉरवर्ड एकटा सुटून आला. दादा पुढं जायचं की थांबायचं, ह्या विचारात क्षणभर लायनीवर घुटमळला, मग पुढं धावला. बॉल त्याच्या बाजूनं आत. दादा वळला. बॉलकडं न बघता माझ्याकडं बघितलं. मी बटण दाबलं.

दुसऱ्या दिवशी दैनिकात पहिल्या पानावर दादाचं तोंड. खालच्या पेठेनं तो फोटो मोठा करून आपल्या तालमीत लावला, आणि वर्षभर येता-जाता त्याला रामराम घातला. आमच्या पेठेनं, दैनिकाच्या कामाजोडीला मी चालवत होतो त्या स्टुडिओकडं पाठ फिरवली. लोक लग्नाच्या फोटोला गडहिंग्लजवरनं माणूस आणायचे, पण मला बोलवायचे नाहीत.

दादाचं म्हणणं मात्र वेगळंच होतं, आणि ते त्यानं अख्ख्या पेठेला सांगितलं. फॉरवर्ड सुटला तेव्हा मी मागनं "ये, ये" म्हणालो, ते ऐकून तो घुटमळला, म्हणून गोल पडला. मी चौकाचौकात शपथा घेतल्या. तोंडातनं अक्षर काढलं नाही म्हणालो. देवाची घेतली, आईची घेतली, कॅमेऱ्याचीसुद्धा घेतली.

मग अकरा वर्षं दादा माझ्याशी बोलला नाही. घर एकच, नळ एकच. "आई, त्या फोटोवाल्याला सांग, पाणी आलंय." मी त्याच्या समोर उभा, हातात बादली.

त्याच वर्षांत कधीतरी त्यानं खेळणं सोडलं, फौंड्रीत लागला, वेगळं बिऱ्हाड केलं. आणि एके दिवशी भर दुपारी माझ्या स्टुडिओच्या दारात.

"ओळखपत्राला फोटो पाहिजे. दुसरीकडं लाईट गेल्यात."

समोरच्या स्टुडिओत पंखा गरगर फिरत होता. मी त्याला स्टुलावर बसवलं, दिवे लावले, कॅमेऱ्याच्या काळ्या फडक्यात डोकं घातलं. काचेवर दादा उलटा दिसत होता, पण तोंड तेच. त्या दिवशीचं.

"म्हणालतास का न्हाय?" तो म्हणाला.

मी आयुष्यात खोटं इतकं बोललोय की खरं बोलताना जीभ अडखळते. तुम्हीही वरचे दगड मोजून घ्या. पण फडक्याच्या आत काळोख होता, आणि मला कुणी बघत नव्हतं.

"म्हणालतो," मी म्हणालो. "एकच फोटो उरलता. मला गोल पाहिजे हुता, दादा."

मला वाटलं आता स्टूल येतंय डोक्यात.

"मग अकरा वर्षं मला पेठेत खोटा पाडलास की रं, भाड्या."

"व्हय."

"काढ."

मी काढला. फोटो बरा आला. त्याच्या फौंड्रीवाल्यांनी मात्र विचारलं म्हणे, कुणाला मारायला निघाला होता काय.

दारातनं बाहेर पडताना तो थांबला, वळला नाही. "ऐतवारी जेवायला ये. तुझ्या वहिनीनं सांगितलंय. मी न्हाय."

गेलो. ताटं मांडलेली. मी भिंतीकडची, दादाच्या पाठीमागची जागा धरायला निघालो.

"तिकडं न्हाय," दादा ओरडला. "माझ्या समोर बस. आणि जेवताना तोंडातनं एक अक्षर काढायचं न्हाय."