कॅमेऱ्यासमोर रडले, पण बोलले नाही

मंडळी, आज दुपारी भोपाळच्या साकेत नगरमधल्या आमच्या घरी कॉलेजच्या मुली शॉर्ट फिल्मच्या शूटिंगला आल्या होत्या. त्यांना आजी हवी होती, आणि मी अठ्ठ्याऐंशीची. पहिल्याच टेकला मी अशी रडले की दिग्दर्शिका बघतच राहिली.

"आजी, आपने पहले कभी एक्टिंग की है?"

मी तोंड उघडायच्या आत आमचे हे खुर्चीतून म्हणाले, "अरे नहीं, बस थोड़ा शौक था."

मी हसून मान हलवली!

नागपुरात मी नाटकं केली, नृत्याचे कार्यक्रम केले. पुण्याला जाऊन दोन सिनेमांत छोटी कामं केली. तिसऱ्यात मोठी भूमिका ठरली होती. तेवढ्यात छप्पन साली राज्यांची पुनर्रचना झाली आणि यांचं सरकारी ऑफिस नागपूरहून इथे भोपाळला हललं. "दोन वर्षांचाच तर प्रश्न आहे," असं हे तेव्हा म्हणाले होते. मी निमूटपणे सामान बांधलं.

मुली गेल्यावर मी म्हटलं, "तो शौक नव्हता हो. माझं काम होतं ते."

"मग तेव्हाच का नाही बोललीस?" म्हणत यांनी पेपर उघडला.

जवळजवळ सत्तर वर्षं मीही स्वतःला हेच विचारतेय. तुमच्यापैकी कुणी वेळेवर बोललंय का? मग घरात काय झालं?