दाढीमागचा चेहरा

नातवाच्या नाटकासाठी दाढी चिकटवायचा डिंक उघडला आणि त्या उग्र वासानं मला मध्य प्रदेशातल्या बालाघाटजवळच्या रामपायलीला नेलं. एकोणीसशे सत्तरच्या आसपासची गोष्ट. मित्र पदरमोड करून सिनेमे काढत आणि तिशीतल्या मला कायम म्हाताऱ्याचंच काम देत. तिथल्या शूटिंगच्या एका दुपारी पांढऱ्या दाढीत, उन्हानं थकून, मी देवळाच्या पायरीवर टेकलो होतो. मला शेतीवर परत न्यायला वडील लालबर्ऱ्याहून आले आणि न ओळखता शेजारी बसले.

"बुवा, माहा पोरगा इथं सिनेमात आहे. पाह्यलं का त्याले?"

"बाबा, मीच आहो."

ते बघतच राहिले. शेतीचा विषय त्यांनी काढलाच नाही. माझ्या गालावर हात ठेवून म्हणाले, "म्हातारपणी असा दिसशीन तं. बरं झालं, पाहून घेतलं."

मी हसलो होतो. ते वाक्य कळायला मला खरंच म्हातारं व्हावं लागलं.