अंगकोरच्या भिंतीवर चुकलेला जॉइंट

सुरतकर मंडळी, आज पप्पांनी चक्क अंगकोर वाटच्या देवळात फॉल्ट काढला!

पप्पांनी तीस वर्षं पलसाण्याच्या मिलमध्ये साड्यांचं प्रिंटिंग तपासलं. गेल्या वर्षी मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि शेठ म्हणाले, "काका, आता डोळ्यांना आराम द्या." तेव्हापासून पप्पा घरीच. इथंही "दगड काय बघायचे" म्हणतच आले.

दिवसभरासाठी गाडी केली होती. ड्रायव्हर सोखा बाहेर थांबणार होता, पण पप्पांनी त्याला हाताला धरून आत आणलं. "एकटा काय बसतो गाडीत?"

दारालगतच्या भिंतीवर फुलांच्या कोरीव ओळी होत्या. त्या बघता बघता पप्पा अहिराणीत ओरडले, "आठे जॉइंट चुकना!" म्हणजे इथं जॉइंट चुकलाय! खरंच, साडीवर दोन छाप जुळले नाहीत की होतं तसं एक फूल अर्धंच राहिलं होतं.

मी सोखाला समजावलं. वर्षानुवर्षं इथं येऊनही त्याला हे माहीत नव्हतं. त्यानं लगेच फोटो काढला. "पुढच्या पाहुण्यांना दाखवीन. सांगीन, सुरतच्या काकांनी शोधलं."

परतताना पप्पांनीच विचारलं, "उद्या बाकीची देवळं बघायला किती वाजता निघायचं?"

तुमच्या घरी कुणाचे डोळे असे उगाच आराम करतायत?