कशेडी घाटातला न प्यायलेला चहा

कशेडी घाटात मी आठ वर्षांत पाऊल टाकलं नव्हतं आणि तरी तिथल्या चहाच्या टपरीवर पाच पानी लेख लिहून स्वतःच्याच त्रैमासिकात छापला. ‘आजही इथे पहाटे ट्रकांची रांग लागते’ असं ठोकून दिलं. आज तिथे माकडांची रांग लागते. गाड्या आता घाटाखालच्या नव्या बोगद्यातून जातात, हे कोकणातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. मला नव्हतं. मी मुलुंडला राहतो, गावी रेल्वेने जातो आणि रस्त्यांवरच्या प्रवासाचं त्रैमासिक काढतो.

काढणारे आम्ही दोघं. दुसरी माझी कॉलेजातली मैत्रीण. घाटकोपरला शाळेत शिकवते, आमची प्रुफं तपासते आणि उरलेल्या वेळात मला झापते. अंकाच्या पहिल्या पानावर आमचा नियम असतो: लेखासोबत त्या प्रवासाचं तिकीट किंवा टोलची पावती जोडावी. नियम माझाच. त्याच्या जोरावर मी भल्याभल्यांचे लेख परत पाठवलेत. एका प्राध्यापकांनी लडाखवर फार सुंदर लिहिलं होतं. पावती मागितल्यावर त्यांनी माझा फोन घेणंच सोडलं. तेव्हा मी आठवडाभर छाती काढून फिरलो होतो.

अंक निघाल्याच्या तिसऱ्या दिवशी जोगेश्वरीहून फोन आला. फोनवर आमचे सगळ्यात चांगले लेखक. मूळचे मालवणचे, धंद्याने टेम्पोवाले, रत्नागिरीहून आंब्याच्या पेट्या आणणारे. पुढच्या अंकाचा मुख्य लेख त्यांचाच होता.

“संपादकानू, ती टपरी बंद होऊन जमाना झाला. तुम्ही खंय प्यालात चहा?”

“आठवणीतून लिहिलं ओ.”

“मग माझ्याकडून पावत्या कशाला मागत होतात? माझा लेख परत द्या. खोट्याच्या शेजारी माझं नाव नको.”

फोन ठेवला त्यांनी.

मैत्रीण म्हणाली, “नियम बदल ना. ‘आठवणीही चालतील’ असं लिहू. नाहीतर कोपऱ्यात दोन ओळींची दिलगिरी टाक. कोणाचं लक्ष जातंय रे?”

हे मला सगळेच सांगतात. साकीनाक्याचा प्रेसवाला तर दर अंकाला विचारतो, “अजून चालू आहे? रील बनवा ना, साहेब.” पण त्या दिवशी माझं डोकंच फिरलं. कोणी बघत नाही म्हणून काहीही छापायचं असेल, तर कागद कशाला नासायचा? नियम बदलणार नाही. अंक बंद करणार नाही. टेम्पोवाल्यांनी मला जे सुनावलं ते कोपऱ्यात नाही, संपादकीयाच्या जागी छापणार, ‘खोट्या’सकट. आणि मी घाटात जाऊन लिहिणार.

“तुला गाडी लागते,” ती म्हणाली.

“लागू दे.”

मुलुंड चेकनाक्याला एसटी पकडली. तिकीट पाकिटात जपून ठेवलं. पोलादपूरनंतर डोळे मिटून ओकारी आवरत बसलो, आणि डोळे उघडले तर अंधार. एसटी बोगद्यात होती! ज्या बोगद्यापायी एवढी शोभा झाली, तो रस्त्यात येईल हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

“थांबवा, मला घाटात उतरायचंय!”

“घाट वर ऱ्हायला, काका,” कंडक्टर म्हणाला. “आधी बोलायचं ना.”

बोगद्याच्या पलीकडे उतरलो आणि भर उन्हात जुन्या रस्त्याने उलटा चढत गेलो. टपरीचा पत्रा खाली आला होता, चुलीत गवत उगवलं होतं. बाकडं तेवढं शाबूत. त्यावर बसून बाटलीतलं कोमट पाणी प्यायलो. तासाभरात एक मोटरसायकलवाला आला. त्याने थांबून विचारलं, “बरं वाटत नाय काय?” तिथेच बसून एक पान लिहिलं. बोगद्यातल्या फजितीसकट.

दुसऱ्या दिवशी ते पान आणि तिकीट घेऊन जोगेश्वरी गाठली. टेम्पोवाले ताडपत्री बांधत होते. मी म्हटलं, “माफ करू नका. फक्त हे वाचा, आणि लेख द्यायचा की नाही ते सांगा.” त्यांनी दोरी दाताखाली धरली आणि उभ्याउभ्या वाचलं. तिकिटावरची तारीखही तपासली. मग दोरी सोडली.

“छापा माझा लेख,” ते म्हणाले. “पण एवढी पायपीट केलीत तेव्हा कुठे एक पान खरं निघालं. अख्खो अंक भरूक तुमका मरेपर्यंत चालूचा लागतला.”