आठ जागांचं कुटुंब

आमच्या साडूंनी आयुष्यात एकही वस्तू एकट्यापुरती वापरलेली नाही, हे मी शपथेवर सांगू शकतो. फुलसावंगीत त्यांचं घर आहे, गावाबाहेर कापूस आणि तुरीचं चांगलं मोठं वावर आहे, आणि घरात शिडी, फवारणीचा पंप, सतरंज्या, अख्ख्या पंगतीचा भात शिजेल असे गंज, ड्रिल मशीन, सगळं काही आहे. म्हणजे ‘आहे’ असं आपलं म्हणायचं. प्रत्यक्षात यातलं काही त्यांच्या घरात दिसेल तर शपथ. एकदा ओसरीवरची कवेलू सारखी करायची होती, तर स्वतःची शिडी मागायला ते मागच्या गल्लीत गेले. तिथे कळलं की शिडी तिथून आणखी कुणीतरी नेली आहे. दुसरा कुणी असता तर त्याने गल्ली डोक्यावर घेतली असती. हे घरी येऊन मला कौतुकाने सांगतात, “शिडी पार बसस्टँडपर्यंत पोचली, साडभाऊ! चालून राह्यली वस्तू.” मी म्हणजे छत्रीच्या दांड्यावर रंगाने नाव घालणारा माणूस. आमच्या दोघांच्या बायका सख्ख्या बहिणी. सासऱ्यांनी एका जावयात जे कमी पडलं ते दुसऱ्यात भरून काढलं असावं.

घरात पडून राहिलेली वस्तू आजारी पडते, असा त्यांचा सिद्धांत आहे आणि तो ते मनापासून पाळतात. बँकेच्या रांगेत एका म्हाताऱ्याला फॉर्मवरचं दिसेना, तर यांनी आपला चष्मा काढून दिला. म्हातारा सही करून चष्म्यासकट आपल्या गावी निघून गेला. हे चाचपडत घरी आले आणि नवा चष्मा होईपर्यंत दारात कुणीही उभं राहिलं की ताईंना विचारत, “कोन आलं वं?” ताई म्हणजे माझी मोठी मेहुणी. त्या वैतागून म्हणाल्या, “चष्मा परत मांगाचा होता ना!” त्यावर साडूंचं उत्तर ठरलेलं. “देलेली वस्तू मांगाची नसते. त्याले दिसून राह्यलं ना? मंग झालं.”

अशा माणसाच्या घरात वैशूने व्हिडिओ गेमचा कन्सोल आणला. वैशू त्यांची एकुलती एक मुलगी, आमची भाची. तिला कॉम्प्युटरवरची नोकरी लागली आणि ऑफिसने घरूनच काम करायला सांगितलं, म्हणून लग्न होईपर्यंत ती फुलसावंगीतच होती. गच्चीवर रेंज बरी येते, त्यामुळे तिचं ऑफिस गच्चीवर, वाळत घातलेल्या कुरड्यांच्या शेजारी भरायचं. पगारातून तिने हा कन्सोल घेतला. तो हातात धरून खेळता येतो आणि टीव्हीलाही जोडता येतो. साडू त्याला ‘डबा’ म्हणतात. त्यावरचं खातं कुणाच्या नावाने काढायचं असा प्रश्न आला, तेव्हा साडू म्हणाले, “घरातली वस्तू बापाच्या नावावर रायते.” त्या घराचं लाइटीचं मीटर अजून त्यांच्या आजोबांच्या नावावर आहे, तेव्हा वैशूने वाद घातला नाही. सगळ्या गेम साडूंच्या नावावर घेतल्या गेल्या.

त्यातली पहिली गेम शेतीची होती. दिवसभर खऱ्या वावरात राबून आलेला माणूस संध्याकाळी हातपाय धुऊन टीव्हीतल्या वावरात उतरतो, हे पाहून मला हसू आवरेना. “हसू नोका,” साडू म्हणाले. “इथं ना रोही, ना रानडुक्कर, ना बोंडअळी. पानी म्हटलं का पानी. अशी शेती मेल्यावर भेटन तं भेटन.” बाप-लेक मिळून ती शेती करायचे. अर्धे वाफे तिचे, अर्धे यांचे. ती पेरायची, हे पाणी द्यायचे, आणि मध्येच तिच्या वाफ्यात शिरून तिची कोबी तोडायचे म्हणून भांडण व्हायचं. ताई आतून ओरडायच्या, “जेवाले येता, का त्या टीव्हीतलीच वांगी खाता?”

आता एवढी सोन्यासारखी वस्तू घरात आल्यावर ती कुणाला उसनी दिल्याशिवाय साडूंना झोप कशी लागावी? जवळच्या तांड्यावरच्या शाळेत राठोड सर आहेत, त्यांच्याकडेही असाच कन्सोल होता. ते एकदा आले, त्यांना शेतीची गेम आवडली आणि साडू लगेच म्हणाले, “घेऊन जा.” वैशू म्हणाली, “काय घेऊन जातीन, बाबा? हिले ना सीडी, ना पाकीट. गेम डब्याच्या आत हाये.” साडूंनी डबा उलटा करून पाहिला, हलवून पाहिला, टीव्हीच्या मागेही पाहून आले. मग मटकन खाटेवर बसले. “जे उसनं देता येत नाई,” ते म्हणाले, “ते आपलं कायचं, वं?” त्या रात्री त्यांनी अर्धीच भाकर खाल्ली. दुसऱ्या दिवशीही त्यांचा चेहरा असा होता की ताईंना वाटलं, कापसाचा भाव पडला.

वैशूने दोन दिवस खटपट करून वाट शोधली. गेमचं एक कार्ड पडद्यावर दिसतं, ते दुसऱ्याच्या कन्सोलवर पाठवता येतं. पंधरा दिवस गेम त्याच्याकडे चालते, तोवर आपल्याकडे चालत नाही, आणि मुदत संपली की ती आपली आपण परत येते. अटी दोनच. देताना दोन्ही कन्सोल एका जागी आणावे लागतात, आणि घेणारा माणूस देणाऱ्याच्या ‘कुटुंबात’ असावा लागतो. कुटुंबात जागा आठ.

कंपनीने ही अट बिचारीने लोकांना अडवण्यासाठी घातली असणार. साडूंना ते आमंत्रण वाटलं. “कुटुंबातच घ्या लागते ना? एवढंच ना? घेऊ ना मंग!” असं म्हणून ते कामालाच लागले. पहिली जागा त्यांची स्वतःची. दुसरं नाव ताईंचं, का तर “घरच्या लक्ष्मीचं नाव पयले.” ताईंनी त्या डब्याला पुसण्यापलीकडे कधी हात लावला नव्हता. मग राठोड सर झाले. महागावचे ट्रॅक्टर मेकॅनिक रफीकभाई झाले. गुरांचे डॉक्टर आणि कृषी केंद्रवाले झाले. मी तर जुना का होईना पण एक कन्सोल विकत घेतला, कारण सख्खा साडू असून कुटुंबाबाहेर राहणं बरं दिसेना. आणि आठवा एक पांढरकवड्याचा गृहस्थ. हा यांना एसटीत भेटला. त्याच्या पिशवीत तसाच डबा दिसला, आणि पुढचा थांबा यायच्या आत तो आमच्या कुटुंबात होता. त्याचं आडनाव आम्हाला अजून माहीत नाही. ताई म्हणाल्या, “रेशनकार्डावर तीन नावं अन् डब्यात आठ. आता तांदूळही डब्यातूनच काढा.”

गेम आपली आपण परत येते, ही गोष्ट मात्र साडूंना अजिबात पसंत नव्हती. “हे काही बरं नाई,” ते म्हणायचे. “लोकाईले वाटन का मीच ओढून आनली.” म्हणून गेम परत आली की हे त्याच दिवशी फोन करून माफी मागायचे आणि परत घेऊन जा म्हणायचे. घ्यायची तर डबा घेऊन यावं लागतं. त्यामुळे रविवारी त्यांच्या ओसरीवर ही गर्दी. कुणी सीताफळं आणतं, कुणी घरच्या म्हशीचं दही. रफीकभाई गाड्यांच्या शर्यतीचे शौकीन. पडद्याला कान लावून म्हणायचे, “भाऊ, इस गाडी का सायलेन्सर फटेला है, फिर भी फर्स्ट आ रही!” डॉक्टरांनी शेतीची गेम नेली आणि तक्रार घेऊन आले की त्यातली गाय वासरू झाल्याशिवाय दूध देते. साडूंनी त्यांना शांतपणे सांगितलं, “डॉक्टरसाहेब, तिथं तुमची गरज नाई म्हनूनच ते सुखात हाये.” मी एवढा नाव घालणारा माणूस, पण त्या ओसरीवर माझाही डबा कुणी उचलला तर मी गप्प बसायला शिकलो.

मग वैशूचं लग्न झालं. मुलगा हैदराबादला नोकरीला, स्वभावाने गोड, आणि त्याच्याकडेही कन्सोल आहे हे कळल्यावर साडूंनी पत्रिका पाहायचंच सोडून दिलं. लग्नात पाहुणे म्हणून आमचं सगळं कुटुंब हजर होतं, पांढरकवड्याचा गृहस्थ धरून. वैशू गेली. गच्चीवर नुसत्या कुरड्या राहिल्या.

तुरीच्या शेंगा भरल्या तेव्हा ती चार दिवस माहेरी आली. रविवार होता, मी आणि रफीकभाई ओसरीवर होतो. वैशूने बॅगेतून नवऱ्याचा डबा काढला आणि म्हणाली, “बाबा, आपली शेती मले द्या ना पंधरा दिवस. तिकडं संध्याकाळी लय करमत नाई.”

“तुले कायले मांगा लागते? घे ना!” असं म्हणत साडूंनी दोन्ही डबे शेजारी ठेवले आणि यादीत तिचं नाव शोधायला लागले. वरून खाली गेले. खालून वर आले. मग चष्मा पुसून पुन्हा वरून खाली. नाव नव्हतंच. असणार कसं? घरात राहणाऱ्याला घरच्या डब्यावर खेळायला कसल्याही कुटुंबात असावं लागत नाही. ती घरातच होती, म्हणून तिचं नाव घालायचं कधी कुणाला सुचलंच नाही. आणि आता जागा आठही भरलेल्या.

साडूंचा चेहरा मी असा कधी पाहिला नव्हता. एसटीतल्या माणसाला घरात घेणारा हा माणूस नुसता पडद्याकडे बघत राहिला. “म्हंजे आपली पोट्टीच राहून गेली?” एवढंच म्हणाले.

मी म्हटलं, “मला काढा.”

“तुमी गप बसा. देलेली जागा परत घेतात का कोनी?”

रफीकभाई उठून उभे राहिले. “भाऊ, मेरेको निकालो. बेटी का हक पहले.”

साडूंनी दोन्ही कानांवर हात ठेवले. “कोनालेच काढत नाई मी. कोन कायले भाईर जाईन?”

वैशू आधी हसत होती. बापाचं तोंड पाहून तिचे डोळे भरून आले. “जाऊ द्या ना, बाबा. एक गेम तं हाये.”

“गेमचं नाई वं, माय,” साडू म्हणाले आणि पुन्हा यादी वरून खाली पाहू लागले.

तेवढ्यात ताई उकडलेल्या शेंगांची परात घेऊन बाहेर आल्या. सगळं ऐकून घेतलं, परात खाली ठेवली आणि पदराला हात पुसत म्हणाल्या, “मले काढा.”

“तुले?”

“मी काय कुठं जाऊन राह्यली? घरात रायते तिले कायले नाव पाह्यजे? जे भाईर गेली तिचं लावा.”

मग साडूंनी आपल्या लग्नाच्या बायकोला कुटुंबातून काढलं. डब्याने विचारलं, नक्की काढायचं ना? ताई म्हणाल्या, “दाबा, दाबा. एवढ्या वर्षात पयल्यांदा सुटका होऊन राह्यली,” आणि आम्ही सगळे इतके हसलो की शेजारची माणसं कुंपणापाशी आली. वैशूचं नाव घातल्यावर डब्याने पुन्हा विचारलं, या व्यक्तीला तुमच्या कुटुंबात घ्यायचं का? साडूंनी डबा माझ्यापुढे धरला. “पाहा, साडभाऊ,” ते मला म्हणाले, “माह्या पोरीले घरात घेऊ का, हे हा डबा मले विचारून राह्यला!” आणि त्यांनी बटण असं दाबलं की रफीकभाई पटकन म्हणाले, “आहिस्ता भाऊ, टूटेगा.”

वैशू शेती घेऊन हैदराबादला गेली. पंधरा दिवसांनी साडूंचा मला फोन आला.

“गेम आली परत.”

“चांगलं झालं की.”

“काय चांगलं? एकटीच आली.”

उन्हाळ्यात मी फुलसावंगीला गेलो. जाताना डबा घेतला होता, आणि शेतीची गेम रिकामीच आहे म्हटल्यावर ती मागितली. साडूंनी मला शर्यतीची देऊ केली, कुस्तीची देऊ केली, वर आमरसाला थांबायचा आग्रह केला. शेतीची दिली नाही. “ते वैशूची हाये,” म्हणाले. “ते येईन तवा नेईन.” या माणसाने कुणाला कुठल्या वस्तूला नाही म्हटल्याचं मी जन्मात ऐकलं नव्हतं, आणि तो पहिला नकार माझ्या वाट्याला आला याचं मला फार बरं वाटलं.

आत ताई ताटं वाढत होत्या. साडूंनी टीव्ही लावला, खाटेवर बसले आणि पडद्यावरच्या वावरात उतरले. स्वतःचे वाफे त्यांनी तसेच सोडले आणि वैशूच्या बाजूला गेले. तिची कोबी चांगली भरली होती, एकही तोडलेली दिसली नाही.

“तिच्या वाट्याले तेवढं पानी देऊन घेतो,” ते म्हणाले, “मंग बसू जेवाले.”

मी म्हटलं, सावकाश होऊ द्या.