खिडकीकडची बाजू

काजबाईंनी जन्मात कुणाकडे काही मागितलं नव्हतं, आणि आता मागायचं तर नेमकं कात्रीबाईंकडे! एक कापायची, दुसरी शिवून काजं करायची. दोघींची खरी नावं गिऱ्हाइकं कधीच विसरली होती. तीस वर्षांत एकीने एकटीने पुरा केलेला एकही कपडा त्यांच्या शिलाईच्या दुकानातून बाहेर पडला नव्हता.

दुकानही दोघींनी मिळूनच घेतलेलं. जी मागे राहील तिचं सगळं दुकान, असं कागदावर होतं. तेव्हा दोघींवर अवलंबून असं कुणी नव्हतं, सही ठोकून दोघी मोकळ्या झाल्या होत्या. पुढे काजबाईंच्या पदरात बहिणीची पोरकी मुलगी आली. मावशी-भाची दुकानामागच्या खोलीत राहायच्या. काजबाई आधी गेल्या तर कात्रीबाई काही पोरीला बाहेर काढणार नव्हत्या. पण त्यांच्यानंतर त्यांचा पुतण्या? त्याने आठवड्याभरात दुकान विकून टाकलं असतं.

कोटाचं माप द्यायला आलेल्या वकीलबाईंनी सोपा उपाय सांगितला. कागद बदलून निम्मा-निम्मा हिस्सा करा, मग जिचा हिस्सा तिने हव्या त्याच्या नावे लिहावा. उपाय सोपा, पण बोलणार कसं? महिनाभर काजबाई मनातल्या मनात शब्द जुळवत राहिल्या.

शेवटी एका सकाळी, दोरा ओवता ओवता, त्या बोलून गेल्या. "अगं, आपले हिस्से वेगळे करूया का?"

कात्रीबाईंनी कात्री खाली ठेवली. त्यांनी टेप घेतली, दुकान या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत मोजलं आणि खडूने फरशीवर मधोमध सरळ रेघ ओढली. मग शेजारी अर्ध्या इंचावर दुसरी. शिलाईसाठी जागा सोडायची सवय जाते थोडीच! नंतर त्यांनी आपलं कापायचं टेबल ओढत दाराकडे नेलं. तीस वर्षं आपण एका वाक्यात घालवली, असं वाटून काजबाईंना रडूच फुटलं.

तेवढ्यात वकीलबाई कोट न्यायला आल्या. रेघा पाहून त्या हसत सुटल्या. "अहो, हे काय कापड आहे? हिस्सा कागदावर असतो. जागेचे तुकडे होत नाहीत. प्रत्येक फरशी दोघींची, दार दोघींचं, खिडकीही दोघींची."

"म्हणजे हिला वेगळं व्हायचं नाहीये?" कात्रीबाईंनी विचारलं.

"मेले तरी नाही!" काजबाई ओरडल्या. "पोरीसाठी विचारलं गं. पण तू तर लगेच वाटणी करून मोकळी झालीस!"

"मग काय करू? तू मागितलंस आणि मी नाही म्हणू?" कात्रीबाई खेकसल्या. "तुझे डोळे अधू होत चाललेत. काजं करायला उजेड लागतो. म्हणून खिडकीकडची बाजू तुला ठेवली."

काजबाईंनी तेव्हा कुठे दाराकडे पाहिलं. कात्रीबाईंनी स्वतःसाठी दारामागचा अंधारा कोपरा घेतला होता.

पुढच्याच आठवड्यात नव्या कागदावर सह्या झाल्या. भाचीने ओल्या फडक्याने रेघा पुसल्या. कात्रीबाईंनी टेबल ओढत परत आणलं आणि थेट काजबाईंच्या मशीनला भिडवलं.

"सरक जरा," त्या म्हणाल्या. "अर्धी खिडकी माझी आहे."